राखीव गोलकीपरने रात्री काय मागावं?



आज आपलं भीष्मपर्व संपलं. पहाटे शेवटचा अध्याय वाचायला घेतला आणि तिथंच अडकून बसलो. दहाव्या दिवशी भीष्म पडले. सगळे राजे येऊन, नमस्कार करून, आपापल्या शिबिरात परतले. त्यानंतर कर्ण येतो. पायावर डोकं ठेवतो, डोळे भरून आलेले असतात. तुम्ही ज्याचा कायम राग केलात तो मी, अशा अर्थाची ओळख स्वतःच करून देतो. आणि भीष्म काय करतात, तर पहारेकऱ्यांना दूर पाठवतात आणि एका हाताने त्याला जवळ घेतात, बाप मुलाला घेतो तसं.

उद्योगपर्व वाचताना आपण पाहिलं होतं की रथी-महारथींची मोजणी करताना भीष्मांनी कर्णाला अर्धरथी ठरवलं. कर्ण संतापला आणि म्हणाला, हे जिवंत आहेत तोवर मी शस्त्र धरणार नाही. म्हणजे दहा दिवस तो छावणीत बसून राहिला. त्याला रणात उतरायला मिळायचं तर एकच वाट होती. भीष्म पडले पाहिजेत. आणि आता ते पडलेत, तर हा येऊन रडतो आहे.

ते रडणं कसलं, हा माझा आजचा प्रश्न. त्याच्यासाठी मला तुम्हाला जरा लांब न्यायचं आहे, थेट अर्जेंटिनात. मथळा वाचून काहींना वाटलं असेल की काकांना आज झालंय तरी काय! पण मी कोल्हापूरचा माणूस. आमच्याकडे फुटबॉल तालमीतालमीत मुरलेला. विश्वचषक आला की अर्धं गाव ब्राझीलचं, अर्धं अर्जेंटिनाचं. मी अर्जेंटिनावाला, ते मॅराडोनामुळे. 1990 साली रात्र रात्र जागून दूरदर्शनवर सामने पाहिले, आणि त्या वेळी एक माणूस मनात जाऊन बसला तो आजतागायत. सर्जिओ गोयकोचेआ.

तो राखीव गोलकीपर होता. गोलकीपरचं बाकावर बसणं आणि इतरांचं बसणं यात फार फरक आहे. पुढचा खेळाडू दमला की बदलतात, लंगडला की बदलतात, डाव साधत नसला तरी बदलतात. बाकावरच्या आघाडीच्या खेळाडूला निदान शेवटची वीस मिनिटं मिळतील अशी आशा असते. गोलकीपरला तसं कुणी बदलत नाही. जागा एकच. ती रिकामी होते ती मुख्य माणूस जायबंदी झाला, त्याला लाल कार्ड मिळालं किंवा त्याच्या हातून काहीतरी भयंकर चुकलं तरच. म्हणजे याचं भलं व्हायचं तर त्याचं वाईट व्हावं लागतं. वर दोघं रोज एकाच वेळी, एकाच प्रशिक्षकाखाली, एकमेकांना चेंडू मारत सराव करतात. जेवायला एका टेबलावर बसतात.

मग असा माणूस रात्री झोपताना हात जोडून देवाकडे काय मागत असेल?

गोयकोचेआचा जन्म 1963 चा, ब्यूनोस आयरेस प्रांतातल्या लिमा नावाच्या छोट्या गावातला. (पेरूची राजधानी ती निराळी.) रिव्हर प्लेट या मोठ्या क्लबात तो वाढला, पण तिथं पुढे होता नेरी पुम्पिदो. 1986 साली रिव्हरने दक्षिण अमेरिकेचा लिबेर्तादोरेस चषक जिंकला, टोकियोत जाऊन जगज्जेत्या क्लबाचा मानही मिळवला. गोलात पुम्पिदो. त्याच वर्षी मेक्सिकोत अर्जेंटिनाने विश्वचषक जिंकला, गोलात पुम्पिदोच. गोयकोचेआ पुढे कोलंबियात मिलोनारिओस क्लबात गेला. तिथं 1989 मध्ये अल्वारो ओर्तेगा या पंचाचा खून झाला आणि त्या वर्षीची स्पर्धाच रद्द करावी लागली. त्यामुळे 1990 च्या विश्वचषकाला तो आला तो पुरेशा सामन्यांचा सराव नसलेला माणूस म्हणून.

पण खरं तर ती राखीव जागासुद्धा आधी त्याची नव्हतीच. ती होती लुइस इस्लासची. हा 1986 च्या संघातही राखीव होता, तेव्हा विशीतला पोरगा. चार वर्षांनी त्याला पुन्हा तेच सांगण्यात आलं, की पहिला पुम्पिदो, तू मागे. इस्लास म्हणाला, मग मी येत नाही. आणि तो खरंच गेला नाही.

आता कर्ण आठवा.

मला इस्लासचा राग येत नाही, हे आधीच सांगून टाकतो. लोक अशा माणसाला गर्विष्ठ म्हणतात. मला त्यात एक प्रकारचा प्रामाणिकपणा दिसतो. मी दुसऱ्याच्या पडण्याची वाट बघत बसणार नाही, हे म्हणायला धमक लागते. ज्याला बाकावर बसून जळायचंच आहे त्याने घरी राहिलेलं बरं. कर्णाच्या नकारातही अहंकार आहे, पण निदान तो मागे राहून भीष्मांचे बाण मोजत बसला नाही.

पुढचं सगळ्या जगाला ठाऊक आहे. मिलानला पहिल्याच सामन्यात कॅमेरूनकडून हार, ओमाम बियिकचा हेडर पुम्पिदोच्या हातून निसटून आत गेलेला. मग 13 जूनला नेपल्समध्ये सोव्हिएत संघाविरुद्ध सामना. जेमतेम अकरा मिनिटं झाली असतील, पुम्पिदो चेंडूसाठी पुढे आला आणि आपल्याच संघातल्या ओलार्तिकोचेआवर आदळला. पाय मोडला. आमच्या घरात दहाबारा माणसं जमली होती, सगळी एकदम गप्प. स्ट्रेचर आलं. आणि कडेला एक माणूस हातमोजे चढवत होता.

तो आत आला तो पार अंतिम सामन्यापर्यंत. फ्लॉरेन्सला 30 जूनला युगोस्लाव्हियाविरुद्ध गोलच झाला नाही, पेनल्टींवर गेलं. त्यात खुद्द मॅराडोनाची पेनल्टी अडवली गेली, त्रोलियोची खांबाला लागली, आणि या गृहस्थाने ब्रनोविच आणि हाजिबेगिच या दोघांच्या लागोपाठ अडवल्या. उपांत्य फेरीत इटली, तीही नेपल्समध्ये. पुन्हा पेनल्टी, पुन्हा दोन अडवल्या, दोनादोनी आणि सेरेना. अख्खी इटली रडली. (एक गंमत, लिहू की नको असं झालंय. युगोस्लाव्हियाच्या वेळी पेनल्टींच्या आधी त्याला लघवीला लागली, मैदान सोडता येईना, म्हणून सोबत्यांच्या आडोशाला तिथंच उरकली. जिंकले. मग इटलीच्या वेळी तोडगा म्हणून मुद्दाम तसंच केलं! हे त्याने स्वतःच पुढे सांगितलंय. तोडगे फक्त आपल्याकडेच असतात असं नाही.) 8 जुलैला रोममध्ये जर्मनीच्या ब्रेमेची पेनल्टी आली. गोयकोचेआने उडी बरोबर बाजूला मारली. चेंडू मात्र खांबालगत आत गेला, हातभर अंतर राहिलं. त्या एका गोलावर विश्वचषक गेला.

आता सरळ हिशेब करणारा म्हणेल, बघा, जो बसून राहिला त्याला फळ मिळालं, जो रुसला त्याचं गेलं. अशा बोधकथा मोबाइलवर पुष्कळ फिरतात. मला हे पटत नाही. पुम्पिदोचा पाय मोडला नसता तर? तर गोयकोचेआ महिनाभर बाकावर बसून घरी आला असता, आणि आपण म्हटलं असतं की इस्लास शहाणा, त्याने महिना वाया घालवला नाही. दोघांनीही जे ठरवलं ते ठरवताना ओलार्तिकोचेआ कुठून धावत येणार हे कुणालाच ठाऊक नव्हतं. मग पायाच्या हाडावरून त्यांच्या बरोबर-चूकचा निवाडा कसा करायचा? गीतेच्या अठराव्या अध्यायात कर्म घडायला पाच कारणं सांगितली आहेत, अधिष्ठान, कर्ता, साधनं, निरनिराळ्या क्रिया आणि पाचवं दैव. माणूस पहिल्या चारांवर राबतो आणि लोक निकाल देतात पाचव्यावर.

शिवाय गोष्ट तिथं थांबतही नाही. 5 सप्टेंबर 1993 ला ब्यूनोस आयरेसमध्ये, रिव्हरच्याच मैदानावर, कोलंबियाने अर्जेंटिनाला पाच-शून्य हरवलं. गोलात गोयकोचेआ. दोनच महिन्यांपूर्वी त्याने कोपा अमेरिका जिंकून दिली होती, तीही पेनल्टी अडवून अडवून. आणि 1994 ला अमेरिकेतल्या विश्वचषकात चारही सामने गोलात उभा राहिला लुइस इस्लास. बाकावर कोण? गोयकोचेआ. एक मिनिटही खेळला नाही. या वेळी तो काय मागत असेल रात्री? चार वर्षांपूर्वी एकाच्या मोडलेल्या पायावरून तो आत आला होता, हे तो विसरला असेल का?

निष्काम राहावं, काहीच मागू नये, हे उत्तर लगेच तोंडावर येतं. मलाही आलं. पण जरा थांबून विचार केला की ते फार स्वस्त वाटायला लागतं. ज्या राखीव गोलकीपरला खेळावंसंच वाटत नाही तो सरावात कशाला झेपावेल? आणि तो झेपावला नाही तर मुख्य गोलकीपरही सुस्तावेल. इच्छा पाहिजेच. नुसती पाहिजे असं नाही, टोकदार पाहिजे. मग म्हणावं, मला तयार ठेव, पुढचं तुझं तू बघ. हे बरं. पण तयारी कशाची? कुणीतरी पडेल त्या क्षणाची. शब्द बदलले तरी खाली तेच पाणी वाहतं आहे.

आणि ज्यांना कधी बोलावणंच आलं नाही त्यांचं काय? 1986 च्या जगज्जेत्या संघात एक्तोर सेलादा म्हणून तिसरा गोलकीपर होता. अर्जेंटिनासाठी तो कधीही, एकही सामना खेळला नाही, पण जगज्जेत्यांच्या यादीत नाव आहे. 1990 ला फाबिआन कान्सेलारिच होता. पुम्पिदो गेल्यावर तो एक पायरी वर सरकला आणि तिथंच राहिला. 2022 ला कतारमध्ये आर्मानी आणि रुयी असे दोघं होते. आर्मानी तर आधीच्या विश्वचषकात शेवटचे दोन सामने गोलात होता. 2021 मध्ये त्याला कोविड झाला, त्या जागी एमिलियानो मार्तिनेस आला आणि ती जागा परत कधी रिकामी झालीच नाही. त्याच साथीत रिव्हरचे चारही गोलकीपर एकदम आजारी पडले आणि मे महिन्यात एन्सो पेरेस नावाच्या मधल्या फळीतल्या खेळाडूला, तोही दुखापतग्रस्त, हातमोजे घालून नव्वद मिनिटं गोलात उभं करावं लागलं. सामना जिंकले म्हणा. पण राखीव माणूस म्हणजे काय चीज असते ते त्या दिवशी कळलं असेल.

मार्तिनेसचंही तेच. सतराव्या वर्षी आर्सेनलला गेला आणि दहा वर्षं तिथं राखीव. मधे मधे उसना म्हणून कधी ऑक्सफर्डला, कधी रॉदरहॅमला, कधी स्पेनमध्ये हेताफेला. 20 जून 2020 ला ब्रायटनच्या रिकाम्या मैदानावर मुख्य गोलकीपर लेनो गुडघा धरून पडला, तेव्हा कुठे दार उघडलं. दोन महिन्यांच्या आत एफए कप जिंकून तो मैदानावर रडत होता. अडीच वर्षांनी लुसैलला, अंतिम सामन्याच्या अगदी शेवटच्या क्षणी, कोलो मुआनीचा फटका त्याने डाव्या पायाने अडवला. तो अडवला नसता तर मेस्सीच्या हातात चषक दिसला नसता. (त्यानंतर बक्षीस घेताना त्याने जो चाळा केला तो मला आवडला नाही. पण दहा वर्षं कोंडलेलं काहीतरी होतं ते, असंही वाटतं.) तर हे सगळे हिरे आपल्याला दिसले ते दुसऱ्या कुणाच्या हाडावरून, गुडघ्यावरून, तापावरून.

आता माझं सांगतो. हे सांगायचं म्हणूनच इतकं लांबण लावलं, आणि वीस वर्षांत हे मी घरीसुद्धा कधी बोललेलो नाही.

आमच्या भजनी मंडळात मी पखवाज वाजवायचो. वाजवायचो म्हणजे, मंडळाचे मुख्य पखवाजी होते आबा, आणि मी त्यांच्या मागे. नऊ वर्षं. माझं काम कणीक मळायची. पखवाजाच्या डाव्या अंगाला ओली कणीक लावतात, ती फार सैल चालत नाही, फार घट्ट चालत नाही, तिच्यावरच तो घुमारा असतो. मी मळून द्यायचो, आबा थापायचे. रात्र उलटून गेली, मंडळी पेंगायला लागली, की आबा मला एखादा अभंग द्यायचे. पहाटे तीनला. ऐकायला कोण, तर विणेकरी आणि भिंती.

त्या नऊ वर्षांत मी काय करत होतो? शिकत होतो, हे खरं आहे. आबांसारखा हात माझ्या पाहण्यात दुसरा नाही, आणि मी त्यांच्या उजव्या बाजूला बसून एकेक बोल टिपला. पण शेवटच्या दोनेक वर्षांत मी आणखी एक गोष्ट करायला लागलो होतो. त्यांचा डावा हात कुठे मागे पडतो ते मोजायला लागलो होतो. द्रुत लयीत एखादी थाप उशिरा आली की माझ्या मनात टिचकी वाजायची. आज एक. आज तीन.

सप्ताहाच्या आदल्या दिवशी सकाळी निरोप आला, आबांना अर्धांगाचा झटका आला. दवाखान्यात नेलंय.

माझ्या मनात पहिलं काय आलं ते मला लख्ख आठवतं. अरेरे आलं नाही. आलं, उद्यापासून मी. मग अरेरे आलं, आणि खरंच आलं, डोळ्यांत पाणीही आलं. मधे किती वेळ गेला असेल? चुटकी वाजवण्याएवढा. पण क्रम तो होता. तो मला बदलता येत नाही.

सात दिवस वाजवलं. लोकांनी पाठीवर हात ठेवला. बुवा म्हणाले, आबांचा हात उतरलाय तुझ्यात. मी वाकून नमस्कार केला. काल्याच्या दिवशी तर असं वाजलं की मला स्वतःलाच नवल वाटलं.

मनात चुकून एखादा विचार चमकून जाणं आणि त्याला बसायला पाट देणं यात फरक आहे, असं मी स्वतःला पुष्कळदा समजावलंय. विचार येतो, त्याला आपण काय करणार. पण माझ्याकडे तेवढीही सबब नाही. तो विचार त्या सकाळी अचानक आला नव्हता. दोन वर्षं थापा मोजून मोजून मीच त्याला दूध घातलं होतं. आबांना झटका माझ्यामुळे आला नाही, एवढं मला कळतं. पण त्यांनी मला दिलेल्या जागेवर बसून मी त्यांचं उणं मोजलं, हे माझंच. म्हणून मला इस्लास थोर वाटतो. आणि गोयकोचेआबद्दल वाटत राहतं, तू मोजलंस का रे? मिलानला पुम्पिदोच्या हातून चेंडू निसटला तेव्हा बाकावर तुझ्या मनात काय झालं? त्याचं उत्तर त्याचं त्याला. मला त्याचा हेवा मात्र वाटतो, कारण त्याला विचार करायला वेळच मिळाला नाही. त्याचा अकरा मिनिटांत निकाल लागला, माझ्याकडे अख्खा दिवस होता.

काला झाल्यावर प्रसाद घेऊन आबांकडे गेलो. ते घरी आले होते. उजवा हात आणि तोंडाची उजवी बाजू गेलेली. मी ज्या डाव्या हाताचं उणं मोजत होतो तो चांगला होता. मी पायाशी बसलो. मला बोलायचं होतं, पण तोंडातून शब्द निघेना. त्यांनाच बोलायला त्रास होत होता आणि गप्प मी होतो.

त्यांनी डावा हात उचलून माझ्या खांद्यावर टाकला. बराच वेळ जुळवाजुळव करून विचारलं, "कणीक... कोण मळत होतं?"

मी म्हटलं, "मीच, आबा."

ते थोडा वेळ छताकडे बघत राहिले. मग म्हणाले, "एखादा पोरगा बघ."

मी पोरगा शोधला. आता तो माझ्या उजव्या हाताला बसतो, सहा वर्षं झाली. हात चांगला आहे. गेल्या एकादशीला द्रुत लयीत माझी एक थाप चुकली, आणि मी मान वळवून त्याच्याकडे पाहिलं. तो कणकेच्या वाटीत बोटं बुडवून खाली बघत होता.

उद्यापासून द्रोणपर्व. ज्यांच्याकडे ग्रंथ आहे त्यांनी पहिले दोन अध्याय वाचून ठेवावेत, कर्ण तिथं रथावर चढतो.

राम कृष्ण हरी.